ब्रिगिटे मिरा : साठीनंतर लाभलेली नायिका

'अली : फिअर ईट्स द सोल' पाहणाऱ्याच्या मनात एमी कायमची राहते. म्युनिकमध्ये साफसफाईची कामं करणारी ही विधवा वयाने खूप लहान असलेल्या मोरोक्कन कामगाराशी लग्न करते आणि मुलं, शेजारणी, वाणी असे सगळेच तिच्याकडे पाठ फिरवतात. १९७४ साली हा जर्मन चित्रपट आला तेव्हा एमी साकारणाऱ्या अभिनेत्री ब्रिगिटे मिरा साठी ओलांडून गेल्या होत्या. त्याआधीची त्यांची बहुतेक कारकीर्द ऑपेरेटा म्हणजे हलक्याफुलक्या संगीतिका, कॅबरे आणि छोट्या विनोदी भूमिकांत गेली होती.

त्यांचा जन्म १९१० मध्ये हॅम्बर्गला झाला. वडील रशियन ज्यू, पियानोवादक. नाझी सत्तेत असं मूळ उघड होणं म्हणजे जिवावर बेतणं, म्हणून त्यांनी ते लपवलं आणि रंगमंचावर काम करत राहिल्या. त्याच काळात 'लीझं उंट मीझं' या प्रचारपटांच्या मालिकेत त्या झळकल्या. लीझं ही आदर्श नागरिक, तर मिरा यांची मीझं ही सरकारला नको तसं वागणारी बाई. प्रेक्षकांना मीझंच जास्त आवडू लागली म्हणून मालिका गुंडाळावी लागली, असं सांगतात.

हे ठाऊक असेल तर एमीचा एक संवाद ऐकताना अंगावर काटा येतो. आपले वडील हिटलरच्या पक्षात होते, आपणही होतो, त्या वेळी जवळजवळ सगळेच होते, असं ती अलीला सहज सांगून जाते. पुढे लग्नाची मेजवानी करायला ती त्याला हिटलर जेवायला यायचा त्याच उपाहारगृहात नेते. हे सगळं बोलणाऱ्या अभिनेत्रीने स्वतः ती वर्षं धास्तीत काढली होती. तरीही मिरा एमीला ना दोषी ठरवतात, ना गोंडस करतात. माझ्या मते त्यांच्या अभिनयाचं मोठेपण इथेच आहे.

दिग्दर्शक फासबिंडर यांनी हा चित्रपट जेमतेम दोन आठवड्यांत चित्रित केला. मिरांना त्यासाठी जर्मनीचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार मिळाला. पुढच्याच वर्षी 'मदर क्यूस्टर्स'मध्ये फासबिंडरनी त्यांना पुन्हा मुख्य भूमिका दिली. त्यात नायिकेचा नवरा मालकाच्या घरातल्या माणसाला मारून आत्महत्या करतो. मग पत्रकार आणि पक्षवाले आपापल्या सोयीने त्या विधवेला वापरून घेतात. १९८० च्या 'बर्लिन अलेक्झांडरप्लाट्झ' या दूरचित्रवाणी मालिकेत त्या घरमालकीण झाल्या. एकोणिसाव्या शतकात जर्मनीत अचानक प्रकटलेल्या कास्पार हाउझर या गूढ तरुणावरच्या, दिग्दर्शक वेर्नर हेर्झोग यांच्या चित्रपटातही त्या आहेत.

घराघरांत मात्र त्या पोहोचल्या त्या 'द्राय डामेन फोम ग्रिल'मुळे. बर्लिनमध्ये सॉसेजची टपरी चालवणाऱ्या एका घरातल्या तीन पिढ्यांच्या बायकांची ही मालिका १९७७ पासून १९९१ पर्यंत चालली आणि त्यातली आजी मिरांनी केली. नंतरही त्या थांबल्या नाहीत. हेलन विटा आणि एव्हेलिन क्युनेके या गायिकांबरोबर त्यांनी गाण्यांचे कार्यक्रम केले. २००५ मध्ये बर्लिनला त्यांचं निधन झालं तेव्हा त्या ९४ वर्षांच्या होत्या.