ओरोची (जपानी मूकपट)

ओरोची हा १९२५ सालचा जपानी सामुराई मूकपट. दिग्दर्शन बुनतारो फुतागावा यांचं, पटकथा रोकुहेई सुसुकिता यांची, आणि हिरो बांदो त्सुमासाबुरो, ज्याला जपानी पब्लिक लाडाने बान्त्सुमा म्हणायची. ओरोची म्हणजे अजस्र सर्प. आधीचं नाव होतं बुराइकान, म्हणजे गुंड-मवाली, पण सेन्सॉरला ते खपलं नाही, सीन कापले गेले आणि नावही बदलावं लागलं.

गोष्ट हेइझाबुरो नावाच्या तरुण सामुराईची. तलवारीत त्याचा हात धरणारं कोणी नाही, पण नशीब असं की चूक दुसऱ्याची आणि शिक्षा दर वेळी ह्याला. गुरूच्या वाढदिवसाच्या मेजवानीत बड्या घरचा पोरगा खोड काढतो, मारामारी होते आणि दोषी ठरतो हा. पुढे गुरूची मुलगी नामीए, जिच्यावर ह्याचा जीव आहे, तिची बदनामी करणाऱ्यांना भिडतो तर गुरूच त्याला हाकलून देतो, मग गाव सुटतं, जेल, भटकंती, आणि शेवटी आसरा देतो तो माणूस ज्याला सगळे देवमाणूस समजतात पण जो बायका पळवून आणत असतो. तिथेच एक दिवस आजारी नवऱ्याबरोबर नामीए येऊन पोचते. तिला वाचवायला हेइझाबुरो त्या यजमानाला ठार करतो आणि शिपायांचा लोंढा त्याच्यावर तुटून पडतो.

ही शेवटची लढाई म्हणजे पिक्चरचा जीव. तोवरच्या जपानी पिक्चरमध्ये, खासकरून त्या काळचा मोठा स्टार ओनोए मात्सुनोसुके याच्या, तलवारबाजी काबुकी या जपानच्या पारंपरिक नाटकासारखी असायची, एक वार केला की पोज घेऊन थांबायचं. इथे बान्त्सुमा थांबतच नाही, केस सुटलेत, धाप लागलीय, चारी बाजूंनी दोर पडतायत आणि तो त्यांच्यातून वाट काढतोय. एवढा पट्टीचा तलवारबाज, पण जिंकत नाही, दमून पकडला जातो, हे त्या काळी दाखवणं खरंच धाडसाचं होतं. बांधून नेताना गर्दीला फक्त एक बदमाश दिसतो, नामीए आणि तिचा नवरा तेवढे रडतात.

जपानचे बहुतेक मूकपट भूकंप, युद्ध आणि हलगर्जीपणात गेले, ओरोची मात्र टिकला. थिएटरात पडद्याशेजारी उभं राहून सगळ्या पात्रांचे संवाद बोलणारा बेन्शी असायचा, त्याच परंपरेतल्या शुनसुई मात्सुदा यांनी आयुष्यभर जुन्या प्रिंट जमवल्या, आणि आज हा पिक्चर त्यांच्या आवाजातही बघता येतो, शक्यतो तसाच बघावा.