आडनावं मरतात कशी, आणि उरलेली खरं किती सांगतात

स्मिथ, श्मिट, फेरारी, कोव्हाच, कोवाल्स्की, हद्दाद. देश वेगळे, भाषा वेगळ्या, पण सगळ्यांचं मूळ एकच, लोहारकाम. (फेरारी म्हटलं की लाल गाडी डोळ्यासमोर येते, पण मुळात ते पण लोहारच.) मग साहजिक वाटतं की जुन्या काळी लोहार खूप असणार. तर नाही, उलट एका गावात लोहार कमी असायचे म्हणूनच हे आडनाव एवढं पसरलं. ज्या गावात जवळपास सगळेच शेती करतात तिथे "जॉन, तो शेतकरी" सांगून काय उपयोग, कुठला जॉन ते कळणारच नाही. "जॉन लोहार" म्हटलं की विषय संपला, कारण गावात लोहार एखादाच. आणि असा एखादा लोहार जवळपास प्रत्येक गावात होताच, त्यामुळे हजारो गावांतून एकमेकांशी काही संबंध नसलेले हजारो स्मिथ तयार झाले. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

बाकी आडनावं कशी पडली ते थोडक्यात सांगायचं तर बापाच्या नावावरून, गावावरून, धंद्यावरून किंवा चिडवायच्या नावावरून. पण ती पिढ्यानपिढ्या तीच राहिली याचं श्रेय बऱ्याच ठिकाणी सरकारला जातं, कारण कर घ्यायचा, सैन्यात भरती करायची तर माणूस कागदावर सापडायला हवा. फिलिपिन्समध्ये 1849 मध्ये स्पॅनिश गव्हर्नर क्लाव्हेरियाने तर आडनावांची चक्क यादी छापून वाटली, आणि काही गावांच्या वाट्याला यादीतला एकाच अक्षराचा भाग आला, तिथे अजून बऱ्याच जणांची आडनावं त्याच अक्षराने सुरू होतात. जपानमध्ये 1875 ला सामान्य लोकांना आडनाव सक्तीचं झालं, तुर्कस्तानात 1934 च्या कायद्याने.

आता खरी मजा. एकोणिसाव्या शतकात इंग्लंडमध्ये फ्रान्सिस गाल्टनला (चार्ल्स डार्विनचा नात्यातला भाऊ, आणि पुढे सुप्रजननाच्या, म्हणजे माणसांची "चांगली पैदास" करायच्या वादग्रस्त कल्पना मांडणारा तोच) प्रश्न पडला होता की मोठमोठ्या घराण्यांची आडनावं नाहीशी का होतात. सुखात लोळून त्यांना मुलंच कमी होतात की काय? की हा नुसता योगायोग आहे? 1873 मध्ये त्याने हा प्रश्न गणित म्हणून छापून टाकला आणि हेन्री वॉटसन नावाच्या पाद्री गणितज्ञाने उत्तर दिलं.

गणित समजायला सोपं आहे. समजा 1000 आडनावं आहेत, प्रत्येकाचा एकच पुरुष, आडनाव बापाकडून मुलाला जातं आणि प्रत्येकाला सरासरी एक मुलगा होतो. सरासरी एक म्हणजे कोणाला दोन, कोणाला तीन, आणि बऱ्याच जणांना एकही नाही. मुलगे निव्वळ योगायोगाने वाटले जातात असं धरलं तर पहिल्याच पिढीत साधारण 368 आडनावं संपतात, दुसऱ्या पिढीपर्यंत 530 च्या आसपास, पाचव्यापर्यंत 730, आणि दहाव्यापर्यंत 840. लोकसंख्या मात्र सरासरी तेवढीच, म्हणजे उरलेल्या 160 आडनावांमध्ये हजार माणसं. कोणी कर्तबगार नव्हतं, कोणी नालायक नव्हतं, तरी काही घराणी फुगली आणि बाकीची गेली. आपलं आडनाव टिकलं म्हणून छाती फुगवणाऱ्यांनी हे आकडे एकदा बघावेत असं मला फार वाटतं.

गंमत म्हणजे वॉटसनचं उत्तर चुकलं होतं. लोकसंख्या वाढत असली तरी प्रत्येक आडनाव शेवटी मरणारच असं तो म्हणाला, पण सरासरी एकापेक्षा जास्त मुलगे होत असतील तर काही आडनावं कायमची टिकू शकतात. फ्रान्समधल्या बिएनेमे नावाच्या गणितज्ञाने 1845 मध्येच हे बरोबर सांगून ठेवलं होतं, कोणी लक्ष दिलं नाही. पुढे डेन्मार्कमध्ये टेलिफोनचं गणित करणारा एरलांग परत ह्याच प्रश्नात अडकला, त्याच्या आईचं माहेरचं क्रारुप हे आडनाव संपत चाललं होतं. 1929 मध्ये तो गेला, स्वतः बिनलग्नाचा, आणि 1930 मध्ये स्टेफेनसन नावाच्या गणितज्ञाने पूर्ण उत्तर मांडलं. हेच गणित आज साथीचा रोग पसरणार की विझणार, अणूंची साखळी प्रक्रिया चालू राहणार की नाही, यासाठी वापरतात.

ह्यातून एक गोष्ट कळते, आडनावांची पद्धत जितकी जुनी तितकी आडनावं कमी. चीनमध्ये ती दोन हजार वर्षांपेक्षा जुनी, तिथे वांग, ली आणि झांग या तिघांतच देशातले साधारण पाचातले एक लोक बसतात. जपानमध्ये बहुतेकांची नवीन, तर तिथे लाखाच्या वर आडनावं. पण सगळं योगायोगावर ढकलू नका हं. कोरियात किम, ली, पार्क मिळून जवळपास निम्मा देश होतो, त्याचं मोठं कारण म्हणजे सामान्य लोकांनी आडनाव घ्यायची वेळ आली तेव्हा प्रतिष्ठित घराण्यांचीच उचलली. व्हिएतनाममध्ये त्रान घराणं सत्तेवर आलं तेव्हा आधीच्या ली घराण्यातल्या लोकांना न्गुयेन आडनाव घ्यायला लावलं, आज तिथे दर तिघांतला एक तरी न्गुयेन असेल.

आता रक्ताचं बोलू. वाय क्रोमोझोम (फक्त पुरुषांमध्ये असणारा डीएनएचा तुकडा) पण बापाकडून मुलाकडेच जातो, म्हणजे आडनाव आणि तो बरोबरीने चालायला हवेत. लेस्टर विद्यापीठाच्या टुरी किंग आणि मार्क जॉब्लिंग यांनी 2009 मध्ये 40 ब्रिटिश आडनावांच्या 1678 पुरुषांचे वाय क्रोमोझोम तपासले. ॲटनबरो सारखं दुर्मिळ आडनाव असेल तर बहुतेकांचा वाय एकाच घराण्यातला निघाला. आणि स्मिथ? रस्त्यावरची कुठलीही दोन माणसं धरा तेवढंच साम्य, कारण तेच, गावोगावचे लोहार.

शिवाय साखळी तुटते. दत्तक घेणं, आईचं आडनाव लावणं, बाप दुसराच असणं, काहीही. एका पिढीत हे 2 टक्के धरलं तर फार वाटत नाही, पण 20 पिढ्यांत एक तृतीयांश साखळ्या तुटलेल्या असतात. आणि न तुटलेली असली तरी काय, दहा पिढ्या मागे तुमच्या वंशवृक्षात 1024 जागा आहेत, आडनाव त्यातल्या एकाच जागेवरच्या माणसाचं सांगतं.

2012 मध्ये लेस्टरला पार्किंगखाली एक सांगाडा सापडला, तो इंग्लंडचा राजा तिसरा रिचर्ड असल्याचा संशय होता. बापांच्या साखळीने त्याच्याशी जोडलेले, उच्च घराण्यातले, कागदपत्रं चोख असलेले पाच पुरुष शोधले, एकाचाही वाय क्रोमोझोम जुळला नाही, वर त्या पाचातला एक तर बाकी चौघांशी पण जुळेना. जुळला तो मायटोकॉन्ड्रियाचा (पेशीतल्या एका छोट्या भागाचा) डीएनए, जो फक्त आईकडून येतो. राजाच्या बहिणीपासून लेकीकडून लेकीकडे आलेल्या साखळीच्या टोकाला लंडनमध्ये फर्निचर बनवणारा एक माणूस होता, ज्याच्या घरी राजाचं आडनाव नव्हतंच, कारण त्या साखळीत लग्नागणिक आडनाव बदलत आलं होतं.