झाग्रेब संप्रदाय : चंगळवादावरील ॲनिमेशनपट

दुसऱ्या महायुद्धानंतर युगोस्लाव्हियातील झाग्रेब (सध्या क्रोएशियाची राजधानी) येथे बहरलेली ॲनिमेशनपटांची परंपरा. 'झाग्रेब फिल्म' या संस्थेत १९५६ साली ॲनिमेशनचा विभाग सुरू झाला. 'झाग्रेब संप्रदाय' हे नाव मात्र जॉर्ज सादूल आदी फ्रेंच समीक्षकांचे. वस्तूंचा हव्यास आणि त्यात हरवलेला शहरी माणूस हा या परंपरेचा एक आवडता विषय.

१९४८ मध्ये स्टालिनशी फारकत घेतल्यावर युगोस्लाव्हियाने आपला वेगळा समाजवाद आखला. पुढच्या दशकाअखेर तेथील पगारदारालाही फियाटच्या परवान्यावर देशात बनणारी छोटी झास्तावा मोटार आणि आड्रियाटिक किनाऱ्यावरची सुट्टी खुणावू लागली. त्यामुळे हे लघुपट केवळ पाश्चात्त्य भांडवलशाहीची टिंगल करतात, असे म्हणता येत नाही. चिमटा घरच्यांनाही होता. गंमत अशी, की या मंडळींपैकी काहींचा हात बसला तो जाहिरातपट करतानाच.

सर्वांत गाजलेला लघुपट म्हणजे दुशान वुकोतिच यांचा 'सुरोगात' (१९६१). एक लठ्ठ गृहस्थ समुद्रकिनाऱ्यावर येतो, पिशवीतून रंगीत चपटे तुकडे काढतो आणि त्यांत हवा भरत सुटतो. तंबू, होडी आणि अखेर एक बाईसुद्धा! जे मनासारखे होत नाही, त्याची हवा काढली की काम झाले. शेवटी एक खिळा आडवा येतो आणि फुगवलेल्या वस्तूंसोबत तो स्वतःही फुस्स होतो. संवाद जवळजवळ नाहीतच. सपाट पार्श्वभूमी, त्रिकोण-चौकोनांची पात्रे आणि मोजकी हालचाल ही काटकसर मुळात साधनांच्या चणचणीतून आली होती, पण येथे तीच आशय होते : चपट्या जगात सगळेच चपटे. डिस्नेच्या गुबगुबीत, जिवंत भासणाऱ्या रेखाटनात हा विनोद उतरलाच नसता.

वुकोतिच यांच्याच 'पिकोलो'मध्ये (१९५९) गुण्यागोविंदाने राहणारे दोन शेजारी एकाहून एक मोठी वाद्ये आणत ईर्ष्येला पेटतात. वात्रोस्लाव मिमित्सा यांच्या 'सामात्स'चा (१९५८) सूर अधिक उदास असून यंत्रयुगातला एकाकी कारकून हा त्याचा नायक आहे.

'सुरोगात'ला १९६२ च्या समारंभात सर्वोत्कृष्ट ॲनिमेटेड लघुपटाचे ऑस्कर मिळाले. या विभागात अमेरिकेबाहेरच्या चित्रपटाला मिळालेला हा पहिलाच पुरस्कार. झाग्रेबमध्ये १९७२ पासून जागतिक ॲनिमेशनपट महोत्सवही भरू लागला.