डोळे मिटून एका पायावर किती वेळ?

आधी एक छोटी टेस्ट करून बघा. दाराच्या चौकटीत अनवाणी उभे राहा, म्हणजे तोल गेलाच तर दोन्ही बाजूंना धरायला काहीतरी आहे. एक पाय उचला आणि दहापर्यंत मोजा. जमलं? आता तेच डोळे मिटून करा. रोज जिमला जाणाऱ्यांचीही इथे तारांबळ उडते बरं का.

याचं कारण असं की तोल सांभाळायला मेंदू तीन ठिकाणांहून खबर घेत असतो. एक म्हणजे डोळे. दुसरा आतला कान, तिथल्या तीन अर्धवर्तुळाकार नळ्या डोकं कुठे वळलं ते सांगतात आणि शेजारच्या दोन पिशव्यांमध्ये कॅल्शियम कार्बोनेटचे अगदी बारीक खडे असतात त्यावरून डोकं कलतंय की सरळ आहे ते कळतं. आणि तिसरे स्नायू, कंडरा (स्नायू हाडाला जोडणारे दोर) आणि सांध्यांमधले सेन्सर, ज्यांच्यामुळे अंधारातही आपला हात कुठे आहे ते आपल्याला न बघता माहीत असतं. या तिसऱ्या जाणिवेला शेरिंग्टन या ब्रिटिश शास्त्रज्ञाने १९०६ मध्ये प्रोप्रिओसेप्शन असं नाव दिलं. एका पायावर उभं असताना आपण डोळ्यांवर बरंच विसंबून असतो, त्यामुळे डोळे मिटले की बाकीच्या दोघांवर एकदम सगळा भार येतो.

तोलाच्या व्यायामाची सगळी गंमत इथेच आहे, एक खबर मुद्दाम कमी करायची म्हणजे मेंदूला बाकीच्यांकडे नीट लक्ष द्यावंच लागतं. एका पायावर उभं असताना खाली बघा, घोट्यापुढच्या कंडरा ताणतात-सुटतात, बोटं जमीन पकडायला बघतात, तळवा कधी आत तर कधी बाहेर कलतो. ही थरथर म्हणजे चूक नाही, तोच तर व्यायाम आहे! अजिबात हलत नसाल तर काम फार सोपं झालंय, पुढच्या पायरीवर जा.

पुढची पायरी म्हणजे काय, तर आधी उघड्या डोळ्यांनी, मग डोकं हळूहळू डावीकडे-उजवीकडे वळवत (इथे कानाची परीक्षा), मग जाड उशीवर, कारण मऊ पृष्ठभागावर तळव्याची खबर धूसर होते, आणि डोळे मिटणं सगळ्यात शेवटी. टाचेला बोटं लावत एका रेषेत चालणंही मस्त. हात-डोळ्यांच्या कोऑर्डिनेशनसाठी भिंतीवर बॉल मारून आलटून पालटून हातांनी झेला, वर शंभरातून सात-सात वजा करत मोजा, मग बघा कशी धांदल उडते ते. बॅलन्स बोर्ड वगैरे नंतर बघू, त्यावाचून काही अडत नाही.

घोटा एकदा मुरगळला की तोच परत परत का मुरगळतो? लिगामेंटला, म्हणजे हाडं एकमेकांना जोडणाऱ्या पट्ट्याला, इजा होते तेव्हा तिथल्या सेन्सरचंही नुकसान होतं, पाय तिरका पडतोय ही खबर उशिरा पोचते. म्हणून फिजिओथेरपिस्ट नुसती ताकद वाढवायला सांगत नाहीत, एका पायावर उभं राहायलाही लावतात. वयस्कर लोकांसाठी ताई ची हा संथ हालचालींचा चिनी व्यायाम चांगला, त्याने पडण्याचं प्रमाण कमी होतं हे अभ्यासांत दिसलंय.

मात्र डायबेटिसमुळे पाय बधिर झाले असतील, बी १२ कमी असेल किंवा चक्कर येत असेल तर डोळे मिटायच्या भानगडीत एकट्याने पडू नका, आधी डॉक्टरांना दाखवा.