वसंतदादांचा सहावा मजला

मंत्रालयाच्या सहाव्या मजल्यावर, मुख्यमंत्र्यांच्या दालनात, वकील बसले, बॅरिस्टरही बसले. वसंतदादा पाटील यांचं शिक्षण मात्र जेमतेम सातवीपर्यंतचं. सांगलीजवळचं पद्माळे हे त्यांचं गाव. घरची कृष्णाकाठची शेती. आईवडील लहानपणीच साथीत गेले, आजीने वाढवलं. जुलै १९४३ मध्ये सांगलीचा तुरुंग फोडून ते साथीदारांसह निसटले, तेव्हा पोलिसांची गोळी त्यांच्या खांद्याला लागली आणि दोघे साथीदार मारले गेले. ही गोष्ट पुढे प्रत्येक निवडणुकीत सांगितली गेली, आणि ती होतीही सांगण्यासारखी. पण १९५२ ला सांगलीतून आमदार होऊन मुंबईत आलेल्या या माणसाचं वजन पुढे वाढलं ते साखर कारखान्यामुळे.

प्रवरानगरला विठ्ठलराव विखे-पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी १९५०-५१ च्या हंगामात सहकारी साखर कारखान्याची वाट पाडून दिली होती. त्याच दशकाच्या उत्तरार्धात वसंतदादांनी सांगलीत शेतकरी सहकारी कारखाना उभा केला. कारखान्याच्या चेअरमनची ताकद कशात असते हे मुंबईत बसून चटकन कळत नाही. ऊस तयार झाला की थांबत नाही. तोड लांबली की वजन घटतं, साखरेचा उतारा पडतो, रान वेळेत मोकळं होत नाही. आपल्या फडात ऊसतोडीची टोळी कधी उतरणार, यावर सभासदाचं अख्खं वर्ष टांगलेलं असतं आणि तोडीची चिठ्ठी निघते कारखान्याच्या शेती खात्यातून. नुसत्या भाषणांवर निवडून येणाऱ्याला ही पकड कुठून यायची?

आता या कारखान्याची दुसरी बाजू. भागभांडवलात सरकारचा वाटा हवा, कर्जाला सरकारची हमी हवी, गोदामातल्या पोत्यांवर तारण कर्ज देणारी बँक हवी. सरकार मुंबईत, राज्य सहकारी बँक फोर्टात, सहकारी कारखान्यांचा साखर संघ नरिमन पॉइंटला. म्हणजे उसाचं राजकारण कितीही गावाकडचं म्हटलं, तरी त्याच्या गाठी दक्षिण मुंबईतल्या दोन-तीन किलोमीटरमध्येच मारल्या आणि सोडल्या जात. महालक्ष्मी एक्स्प्रेसने सकाळी व्हीटीला उतरायचं आणि कामं उरकून रात्रीची परतीची गाडी धरायची, हा कित्येक चेअरमन मंडळींचा शिरस्ताच होता. १९६२ ला जिल्हा परिषदा आल्यावर शेतकऱ्यांच्या पोरांना विधानसभेकडे जाणारी आणखी एक शिडी मिळाली.

वसंतदादा १९७२ ला पाटबंधारे मंत्री झाले. शंकरराव चव्हाणांनी त्यांना मंत्रिमंडळातून वगळल्यावर त्यांनी राजकारण संन्यास जाहीर केला. तो फार टिकला नाही, आपल्याकडे तो सहसा टिकतच नाही. १९७७ ला ते थेट मुख्यमंत्री म्हणून परतले. पुढच्या वर्षी जुलैमध्ये शरद पवार बाहेर पडले आणि सरकार कोसळलं. ‘पाठीत खंजीर’ हे शब्द तेव्हापासून जे सुरू झाले ते अजून चालूच आहेत.

मुंबईकरांना त्यांच्याबद्दल खरं कुतूहल असायला हवं ते फेब्रुवारी १९८३ नंतरच्या काळाचं. बाबासाहेब भोसले यांच्या जागी ते पुन्हा मुख्यमंत्री झाले, तेव्हा गिरणी संप सुरू होऊन वर्ष उलटलं होतं आणि गिरणगाव उपाशी होतं. तो तिढा काही त्यांना सुटला नाही. मात्र त्याच वर्षी त्यांच्या सरकारने विनाअनुदानित, म्हणजे सरकारी पैशाशिवाय चालणाऱ्या, अभियांत्रिकी आणि वैद्यकीय महाविद्यालयांना दार उघडलं. तोवर व्हीजेटीआय किंवा अंधेरीच्या सरदार पटेल कॉलेजात नंबर लागला नाही, तर ऐपत असलेली पोरं कर्नाटकात जात. १९८३ ला विद्याविहारला सोमैया, वांद्र्याला थडोमल शहानी ही कॉलेजं सुरू झाली. कारखानदारांना शिक्षणसम्राट केल्याचा ठपका दादांवर आला आणि तो खोटा नाही. पण गिरण्यांची धुराडी विझत असताना या शहरातल्या मध्यमवर्गीय घरांत इंजिनिअर तयार होऊ लागले, तेही याच निर्णयामुळे. खुद्द वसंतदादांच्या नावाचं अभियांत्रिकी महाविद्यालय आज शीव-चुनाभट्टीला आहे.

मुंबईवर त्यांचा दुसरा परिणाम झाला तो एका वक्तव्यामुळे. मुंबई महाराष्ट्रापासून तोडून केंद्रशासित करण्याचा डाव असल्याचं ते १९८५ च्या महापालिका निवडणुकीच्या तोंडावर बोलले. बोलण्यामागे काँग्रेसमधल्याच मुंबईच्या गटाला शह देण्याचा हिशेब होता, असं तेव्हाही म्हटलं गेलं आणि मलाही तेच पटतं. एवढा मुरलेला माणूस उगाच बोलेल कशाला? शिवसेनेने तो मुद्दा उचलला, पालिका जिंकली आणि छगन भुजबळ महापौर झाले. वसंतदादा स्वतः जूनमध्ये प्रदेशाध्यक्षपदी प्रभा राव यांच्या नेमणुकीवरून नाराज होऊन मुख्यमंत्रिपद सोडून गेले आणि नंतर राज्यपाल म्हणून राजस्थानात रवाना झाले. महापालिका मात्र पुढची सात वर्षं शिवसेनेकडेच राहिली.