संध्याकाळी वर चढणारा ‘तळ’ : फिशफाइंडर वापरणाऱ्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

पावसाळी मासेमारी बंदी उठून बोटी दर्यावर गेल्या की पहिल्या महिना-दीड महिन्यात आमच्या दुकानात एक तक्रार हमखास येते. उथळ पाण्यात फिशफाइंडर, म्हणजे आवाजाच्या प्रतिध्वनीवरून खोली दाखवणारे यंत्र, तळ अचूक दाखवते; परंतु बोट खूप बाहेर, खोल पाण्यात गेली की दुपारी दोनशे वावांच्या (एक वाव म्हणजे सुमारे १.८ मीटर) आसपास एक जाड पट्टा उमटतो, दिवस कलला की तो वर सरकू लागतो आणि अंधार पडेपर्यंत वीस-तीस वावांवर येऊन थांबतो. नकाशा त्याच ठिकाणी सातशे वाव पाणी दाखवत असतो. साहजिकच यंत्र बिघडले, ट्रान्सड्यूसर (पाण्यात आवाज सोडणारा व परत घेणारा भाग) सैल झाला किंवा आम्ही जुना माल दिला, अशी शंका ग्राहकांना येते. यापैकी काहीही झालेले नसते. तो पट्टा म्हणजे दिवसा खोल अंधारात राहून रात्री पृष्ठभागाकडे येणाऱ्या असंख्य जिवांचा थर असतो आणि तुमचे यंत्र त्याची अगदी खरी नोंद करत असते. हा थर कसा ओळखावा, हे समजावे म्हणून हे पत्रक काढले आहे.

एका ग्राहकांनी मोबाईलवर काढून आणलेले तीन फोटो आम्ही त्यांच्या परवानगीने जपून ठेवले आहेत. पहिला फोटो दुपारी ४ वाजून ५० मिनिटांचा असून त्यात पट्टा २१० वावांवर जवळजवळ आडवा आहे. दुसऱ्या फोटोत, साडेसहाच्या सुमारास, तो १२० वावांवर आला आहे आणि त्याची कड कौलारू घराच्या पाख्यासारखी तिरपी झाली आहे. तिसऱ्या फोटोत ७ वाजून ४० मिनिटे झाली आहेत. पट्टा २५ वावांवर असून पसरट आणि विरळ दिसतो. मात्र याच फोटोत नीट पाहिले तर खाली, दुपारच्या मूळ जागी, एक फिकट रेघ अजूनही आहे. सगळेच जीव रोज वर येत नाहीत, काही खालीच राहतात, त्यांची ती रेघ आहे. बिघडलेल्या ट्रान्सड्यूसरला असे चित्र काढता येत नाही.

या पट्ट्याने फसलेले आपण पहिले नव्हे. दुसऱ्या महायुद्धात, १९४२ मध्ये, अमेरिकेच्या सॅन डिएगो बंदराबाहेर पाणबुड्या शोधण्यासाठी आवाजाच्या लहरींवर प्रयोग चालू होते. तेथे खोल पाण्यात सुमारे तीनशे ते साडेचारशे मीटरवरून एक प्रतिध्वनी सतत परत येऊ लागला, जणू तेथे समुद्राला आणखी एक तळ होता. आयरिंग, ख्रिस्टेन्सन आणि रेट या तिघा संशोधकांच्या आद्याक्षरांवरून त्या थराला नाव पडले, पण तो कशाचा आहे हे लगेच उलगडले नाही. स्क्रिप्स या समुद्रविज्ञान संस्थेतील जीवशास्त्रज्ञ मार्टिन जॉन्सन यांनी १९४५ मध्ये त्याच भागात दिवसरात्र निरीक्षण करून दाखवले की हा थर संध्याकाळी वर येतो आणि पहाटे खाली जातो. खडक किंवा चिखल असे करणार नाही. असे करणारी वस्तू जिवंतच असली पाहिजे, हे त्यांचे अनुमान होते आणि ते खरे ठरले.

यंत्राला हे जीव इतके ठळक का दिसतात, हे समजण्यासाठी यंत्राचे काम थोडक्यात सांगतो. ट्रान्सड्यूसर आवाजाचा एक ठोका खाली सोडतो. समुद्राच्या पाण्यात आवाज सेकंदाला सुमारे १,५०० मीटर जातो, त्यामुळे २२० वावांवरच्या, म्हणजे सुमारे ४०० मीटरवरच्या वस्तूला आपटून परत यायला त्याला अर्ध्या सेकंदाहून थोडा जास्त वेळ लागतो. या वेळेवरून यंत्र खोली मांडते. माशाचे मांस आवाजाच्या दृष्टीने पाण्यापेक्षा फारसे वेगळे नसते, पण त्याच्या पोटातील हवेची पिशवी आवाज जोरात परतवते. घोळ माशाच्या ज्या बोताला बाजारात मोठा भाव मिळतो, तसलीच पिशवी बोटभर लांबीच्या माशातही असते, फक्त ती वाटाण्याहून लहान असते. अशा लाखो पिशव्या एका पातळीवर जमल्या की पडद्यावर चिखलाच्या तळासारखी जाड रेघ उमटते.

या थरात सर्वांत जास्त आवाज परतवणारे मासे कंदीलमासे म्हणून ओळखले जातात. जगात त्यांच्या सुमारे अडीचशे जाती आहेत. खोल पाण्यातील जाळ्यात किंवा कापलेल्या कुप्याच्या (ट्यूना माशाच्या) पोटात आपल्यापैकी काहींनी ते पाहिलेही असतील. बोटाएवढा, काळपट रुपेरी मासा, अंगाच्या मानाने फार मोठे डोळे, हात लावताच निघून येणारी खवले आणि पोटाकडच्या बाजूला ओळीने बसवलेल्या मण्यांसारखे ठिपके, असे त्याचे रूप असते. ते ठिपके जिवंतपणी मंद निळसर उजेड देतात. वरून झिरपणाऱ्या अंधुक प्रकाशाशी तो उजेड जुळला की खालून पाहणाऱ्या शिकाऱ्याला माशाची सावली दिसत नाही. उजेड लावून स्वतःला लपवण्याची ही युक्ती पहिल्यांदा ऐकणाऱ्याला उलटी वाटते, पण खोल समुद्रात ती चालते.

त्यांच्याबरोबर कोळंबीच्या जातीचे जीव, लहान म्हाकूल, हवेचे फुगे असलेले काही जेलीसारखे प्राणी आणि कोपेपॉड नावाचे तांदळाच्या कणीएवढे जीव असतात. कोपेपॉडचा प्रवास तर थक्क करणारा आहे. तीन मिलिमीटरचा जीव अडीचशे मीटर वर चढतो, तेव्हा तो स्वतःच्या लांबीच्या ऐंशी हजारांहून अधिक पट अंतर कापतो. माणसाच्या मापात मांडले, तर रत्नागिरीहून निघून आंबा घाट चढून कोल्हापूर गाठण्याइतके ते अंतर होते, आणि पहाटे तेवढेच परतही जायचे असते. वजनाच्या हिशेबाने पृथ्वीवरचे प्राण्यांचे सर्वांत मोठे स्थलांतर हेच आहे आणि ते रोज घडते.

हे जीव वर येतात ते खाण्यासाठी. सूर्यप्रकाशावर वाढणारे वनस्पतिप्लवक, म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या सूक्ष्म वनस्पती, वरच्या पाण्यातच असते आणि बाकीचे सगळे अन्न त्याच्या आधाराने असते. दिवसा तेथे राहिले तर डोळ्यांनी शिकार करणारे मासे त्यांना टिपतात, म्हणून ते उजेडात खाली दडी मारतात आणि अंधारात वर येऊन चरतात. त्यांचे घड्याळ मुख्यतः उजेडाचे असते. २० जुलै १९६३ च्या सूर्यग्रहणाच्या वेळी भरदिवसा काळोख झाल्यावर हा थर वर सरकल्याची नोंद संशोधकांनी केली आहे. आपल्याकडील जुन्या तांडेलांना (बोटीच्या प्रमुखांना) चांदण्या आणि अंधारी रात्रींचा फरक सांगण्याची गरज नाही. पौर्णिमेच्या आसपास हा थर बहुधा खोल थांबतो, अमावस्येला तो पृष्ठभागाच्या बराच जवळ येतो. त्यामुळे महिन्यात दोन वेगळ्या रात्री दोन वेगळ्या खोल्या दिसल्या म्हणून यंत्राचे मापन चुकले असे समजू नये.

अरबी समुद्राच्या बाबतीत एक गोष्ट वेगळी आहे आणि ती आपल्या उपयोगाची आहे. येथे साधारण दीडशे मीटरपासून हजार मीटरपर्यंतच्या पाण्यात प्राणवायू फारच कमी असतो. जगातील अशा मोठ्या पट्ट्यांपैकी हा एक आहे आणि गोव्यातील दोना पावला येथील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेने त्यावर अनेक वर्षे काम केले आहे. कुप्यासारख्या वेगवान माशाला प्राणवायू भरपूर लागतो, त्याला त्या पट्ट्यात फार वेळ थांबता येत नाही. कंदीलमासे आणि काही कोपेपॉड मात्र दिवसभर तेथे कमी हालचाल करून तग धरतात. म्हणजे शिकाऱ्याला जेथे दम लागतो, तेथेच त्यांनी दिवसाचे घर केले आहे. संध्याकाळी ते घर सोडून वर येतात, तेव्हा कुपा आणि मोठे म्हाकूल त्यांची वाट पाहत असतात. वर चढणाऱ्या पट्ट्याच्या वरच्या कडेला सुट्या, मोठ्या, कमानीसारख्या खुणा दिसल्या तर त्यांच्याकडे लक्ष द्यावे, त्या शिकारी माशांच्या असू शकतात. मात्र पट्टा दिसला म्हणजे मोठा मासा आहेच, असे आम्ही सांगणार नाही. विक्रीसाठी तसे सांगणारे आहेत, पण ते खरे नाही.

खुद्द कंदीलमासे पकडावेत का, असेही काही ग्राहक विचारतात. १९७५-७६ मध्ये ‘डॉ. फ्रिट्जॉफ नानसेन’ या नॉर्वेच्या जहाजाने अरबी समुद्राची पाहणी केली आणि तेव्हापासून, विशेषतः ओमानच्या आखाताकडील भागात, या माशांचे प्रचंड साठे असल्याचे माहीत आहे. १९८० च्या सुमारास जगातील अशा मध्यम खोलीच्या माशांचे एकूण वजन सुमारे १०० कोटी टन धरले जात होते. २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, आवाजाच्या मोजणीवर आधारलेल्या अभ्यासाने तो आकडा १,००० कोटी टनांच्या घरात नेला. इतकी तफावत पडण्याचे एक मुख्य कारण म्हणजे हे मासे येणारे जाळे ओळखून बाजूला होतात, त्यामुळे जाळ्यावरून केलेला हिशेब कमी भरतो. आकडे मोठे असले तरी मासा लहान आहे, खोल आहे आणि काही जातींच्या अंगात मेणासारखे तेल असल्याने तो ताटात जाण्यापेक्षा माशाची पूड आणि तेल यांसाठीच विचारात घेतला जातो. आपल्या बोटींना डिझेलचा खर्च काढून तो परवडेल, असे आम्हाला वाटत नाही.

दिव्यांविषयीही स्पष्ट लिहिणे बरे. हे जीव उजेडाला दबकतात, हे आता चांगले ठाऊक आहे. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात ध्रुवीय रात्रीच्या अंधारात जहाजाच्या नेहमीच्या कामाच्या दिव्यांचा परिणाम दोनशे मीटर खोलीपर्यंत दिसला. म्हणून डेकवरचे दिवे लावताच पट्टा खाली दबला किंवा फाटला, तर तोही यंत्राचा दोष नव्हे. एलईडी दिवे लावून मासेमारी करण्यावर केंद्र सरकारने नोव्हेंबर २०१७ मध्ये बंदी घातलेली आहे आणि आम्ही त्यासाठीचे दिवे विकत नाही, बसवूनही देत नाही.

आता हा थर आणि खरा बिघाड यांतील फरक कसा ओळखावा, ते पाहू. सर्वप्रथम आपण कोठे आहोत ते पाहावे. मुंबईसमोर उथळ पाण्याचा पट्टा सुमारे तीनशे किलोमीटर पसरलेला आहे आणि दक्षिणेकडे तो अरुंद होत जातो. हा पट्टा ओलांडून समुद्र एकदम खोल होतो, तेथेच वर सांगितलेला थर दिसतो. तीस-चाळीस वावांवर काम करणाऱ्या बोटीला तो दिसण्याचे कारण नाही. अशा उथळ पाण्यातही संध्याकाळी तळाजवळून धुरासारख्या रेघा उठतात, पण त्या लहान जिवांच्या असतात. आणि काही मासे तर उलटे वागतात. मोठी वाकटी दिवसा वर चरते व रात्री तळाकडे जाते, लहान वाकटी रात्री वर येते. त्यामुळे रात्री खाली उतरणारी खूण दिसली तरी गोंधळून जाऊ नये.

खोल पाण्यात पट्टा दिसला की यंत्राची रेंज, म्हणजे पडदा किती खोलीपर्यंत दाखवतो ते माप, बदलून पाहावी. ही सर्वांत खात्रीची कसोटी आहे. जिवंत थर रेंज बदलली तरी त्याच खोलीवर राहतो. पण खोल तळाचा उशिरा आलेला प्रतिध्वनी पुढच्या ठोक्यानंतर पोहोचला, तर यंत्र त्याला चुकून उथळ दाखवते आणि रेंज बदलताच ती रेघ भलत्याच खोलीवर उडी मारते. त्यानंतर यंत्राच्या आवाजाच्या ५० आणि २०० किलोहर्ट्झ या दोन फ्रिक्वेन्सी आलटून पालटून पाहाव्यात. दोनशेचा आवाज पाण्यात लवकर विरतो, त्यामुळे दुपारचा खोल पट्टा त्यावर बहुधा दिसतच नाही, तर पन्नासवर ठळक दिसतो. खरा तळ असेल तर त्याची वरची कड कापल्यासारखी तीक्ष्ण असते आणि उथळ पाण्यात बरोबर दुप्पट खोलीवर त्याची दुसरी फिकट रेघही उमटते. जिवंत थराची कड मऊ, केसाळ असते. शेजारच्या बोटीच्या यंत्राचा अडथळा असेल, तर पट्टा न दिसता तुटक, तिरप्या ठिपक्यांच्या रेघा दिसतात.

ऑटो मोडविषयी खास सूचना करावीशी वाटते. खरा तळ यंत्राच्या आवाक्याबाहेर गेला की ऑटो मोड सर्वांत जोरदार प्रतिध्वनीलाच तळ मानतो आणि कोपऱ्यातील मोठ्या आकड्यात त्याच थराची खोली लिहितो. रात्री थर पंचवीस वावांवर आला की उथळ पाण्याचा अलार्मही वाजतो. वैतागून अलार्म कायमचा बंद करणारे खलाशी आम्ही पाहिले आहेत आणि परतीच्या वाटेवर, किनाऱ्याजवळच्या खडकांपाशी, तोच अलार्म हवा असतो. खोल पाण्यात यंत्र मॅन्युअलवर घ्यावे, गेन (प्रतिध्वनी किती वाढवून दाखवायचा ते प्रमाण) थोडा कमी करावा, खोलीचा आकडा जीपीएस प्लॉटरवरील नकाशाशी ताडून पाहावा आणि किनाऱ्याकडे वळताच अलार्म पुन्हा चालू केल्याची खात्री तांडेलांनी स्वतः करावी.

एवढे करूनही शंका राहिली तर यंत्र आणण्यापूर्वी पडद्याचे दोन फोटो काढावेत, एक दुपारी आणि एक अंधार पडल्यावर, आणि दोन्हींत वेळ, रेंज, फ्रिक्वेन्सी व गेन हे आकडे वाचता येतील असे पाहावे. असे दोन फोटो हातात असले तर ट्रान्सड्यूसर तपासण्यासाठी बोट ओढावी लागेल की नाही, हे आम्हाला बहुतेक वेळा दुकानातच सांगता येते.