सोआरेस, जोफ्रे

सोआरेस, जोफ्रे : (१९१८–१९९६). ब्राझीलचे चरित्र अभिनेते. जन्म ईशान्य भागातील आलागोआस राज्यात, पाल्मेरा दोस इंदिओस या गावी. नौदलातली नोकरी संपवून ते गावी परतले व हौशी नाटकांत रमले. सिनेमात आले तेव्हा चाळिशी उलटलेली होती.

ही संधी पावसामुळे आली, असे म्हटले तरी चालेल. ग्रासिलियानो रामोस हे कादंबरीकार १९२८ ते १९३० या काळात याच गावचे महापौर होते. त्यांच्या ‘व्हिदास सेकास’ (कोरडी आयुष्ये) या दुष्काळावरच्या कादंबरीवर दिग्दर्शक नेल्सन पेरेरा दोस सांतोस यांनी १९६० मध्ये बाईआ राज्यात चित्रीकरण मांडले. पण अवचित पाऊस पडला, उजाड माळ हिरवागार झाला आणि दुष्काळ दाखवायलाच जागा उरली नाही. तिथे वेगळाच चित्रपट करून मंडळी परतली. १९६२ मध्ये ती पाल्मेरा दोस इंदिओसला आली, तेव्हा जमीनदाराची भूमिका सोआरेस यांच्याकडे गेली. चित्रपट १९६३ मध्ये आला.

त्यातला हिशेबाचा प्रसंग बारकाईने पाहण्याजोगा आहे. घरात जमीनदाराच्या मुलीची व्हायोलिनची शिकवणी चालू आहे. गुराखी फाबियानो मजुरी घ्यायला येतो. बायकोने काढलेल्या आकड्यापेक्षा पैसे कमी भरतात. फरक व्याजाचा, असे मालक सांगतो. फाबियानो कुरकुरतो, तेव्हा दुसरीकडे काम बघ, एवढे उत्तर पुरते आणि तोच माफी मागतो. इथे मालक खलनायकासारखा डोळे वटारत बसला असता, तर प्रसंग फसला असता. सोआरेस त्याला नेहमीचा व्यवहार उरकणारा माणूस म्हणून उभा करतात, म्हणूनच पिळवणूक अंगावर येते.

या यशात एक धोकाही होता. ईशान्येच्या बड्या जमीनदारांना ‘कोरोनेल’ म्हणत. हा हुद्दा मूळचा नॅशनल गार्ड या नागरी सैन्यदलाचा. पुढे तो गावच्या सत्ताधाऱ्याची उपाधीच झाला. ब्राझीलमधल्या सिनेमा नोव्हो (नवा सिनेमा) चळवळीच्या चित्रपटांना असा माणूस वारंवार लागे, त्यामुळे सोआरेस यांच्यावर कायमचा शिक्का बसू शकला असता. दिग्दर्शक ग्लाउबेर रोशा यांच्या १९६९ च्या ‘ओ द्रागाँव दा माल्दादे’ मध्ये त्यांनी कोरोनेल रंगवलाही. मात्र तो ‘व्हिदास सेकास’च्या मालकाची नक्कल नाही, तो थकलेला, संशयी, हातातून सुटत चाललेल्या सत्तेला चिकटलेला म्हातारा आहे.

‘आ ओरा इ आ व्हेज दि आउगुस्तो मात्रागा’ (१९६५) मधला जोआंझिन्यो बें-बें हा जागुन्सोंचा, म्हणजे पदरी बाळगलेल्या हत्यारबंद माणसांचा म्होरक्या. नायक मात्रागा याच्यावर त्याचा जीव जडतो आणि शेवटी दोघे एकमेकांच्याच हातून मरतात. आपुलकी खरी वाटली नाही, तर हा शेवट नुसती मारामारी ठरेल. सोआरेस यांचे सगळे काम त्या आपुलकीत आहे. ‘तेर्रा एं त्रान्से’ (१९६७) मध्ये ते पाद्री झाले, तर ‘ओ आमुलेतो दि ओगुं’ (१९७४) मध्ये शहरी गुन्हेगारी टोळीचे प्रमुख.

दिग्दर्शक कार्लोस दिएगेस यांच्या ‘शुव्हास दि व्हेराँव’ (१९७८) मध्ये त्यांना मुख्य भूमिका मिळाली : रिओच्या उपनगरातला, नुकताच निवृत्त झालेला कारकून आफोन्सो. शेजारीण इसाउरा (मिरियां पिरेस) हिच्यावर तो म्हातारपणी प्रेम करतो. दोघांच्या शरीरजवळिकीचे दृश्य कुठेही हसू न आणता, तितक्याच संकोचाने आणि मायेने केलेले आहे. आमच्या मते हे त्यांचे सर्वांत अवघड काम.

दिएगेस यांच्याच ‘बाय बाय ब्राझिल’ मध्ये ते पुन्हा छोट्या भूमिकेत, झे दा लुस या फिरत्या सिनेमावाल्याच्या रूपात दिसतात. दूरचित्रवाणीने प्रेक्षक ओढून नेल्यावरही तो गावोगाव १९४६ चा ‘ओ एब्रिओ’ दाखवत फिरतो.

श्रेयनामावलीत त्यांचे नाव कधी एका ‘एफ’ने, कधी दोन ‘एफ’नी लिहिलेले आढळते. चित्रपटसूची शोधताना दोन्ही रूपे पाहावीत.